शब्दांचे धनी : खानखाना रहीम

गणपती ही विद्येची आणि लेखनाची देवता. व्यासांनी सांगावे आणि गणरायांनी महाभारत लिहून घ्यावे, ही कथा आपण लहानपणापासून ऐकत आलो आहोत. अशा देवतेच्या उत्सवात शब्दांचा गौरव व्हावा हे ओघानेच आले. यंदा मात्र आम्हाला एका वेगळ्या माणसाचे स्मरण करावेसे वाटते. त्यांच्याजवळ शब्दांना कधीच तोटा नव्हता. पाच भाषा त्यांच्या दाराशी उभ्या असत. आणि तरीही शब्द कुठे जाऊन थांबतात, हे त्यांनी फार जवळून पाहिले. त्यांच्या आयुष्याचा उत्तरार्ध बहुतांशी आपल्या बुऱ्हाणपुरात गेला. ते म्हणजे अब्दुर्रहीम खानखाना, अर्थात शाळेच्या हिंदी पुस्तकातले आपले रहीम.

पिढ्यानपिढ्या इथे राहिलेल्या आपल्या घरांतून असा कोणी सापडणार नाही, ज्याने रहीमचे दोहे पाठ केले नाहीत. प्रेमाचा धागा झटक्याने तोडू नये, पुन्हा जोडला तरी गाठ राहते, हे शहाणपण आपल्याला त्यांनीच शिकवले. पाण्यावरचा दोहाही असाच. मोत्याचे तेज, माणसाची अब्रू आणि पिठातले पाणी, असे तीन अर्थ त्यांनी एकाच शब्दात बसवले. आपल्या मराठीतही मोत्याला पाणी असते आणि माणूसही पाणीदार असतो, त्यामुळे तो दोहा समजावून सांगायला आपल्या घरात कधी जड गेला नाही. पण दोहे पाठ असले, तरी दोह्यांमागचा माणूस आपल्याला तितकासा ठाऊक नसतो.

रहीम यांचा जन्म १७ डिसेंबर १५५६ चा, लाहोरचा. वडील बैरामखान हे बाल अकबराचे पालक आणि राज्याचे खरे कारभारी. आई मेवातच्या जमालखानाच्या घराण्यातली. म्हणजे वडिलांकडून तुर्की आणि फारसी, तर आईकडून इथल्या मातीची बोली, असा वारसा जन्मापासूनच मिळाला. पुढे बैरामखानांवर अकबराची मर्जी राहिली नाही. ते मक्केच्या यात्रेला निघाले असता गुजरातेत पाटण येथे १५६१ मध्ये एका अफगाणाने त्यांचा खून केला. तेव्हा रहीम चार वर्षांचे होते. त्या वयाच्या मुलाला काय कळले असेल आणि ते त्याने कोणत्या भाषेत कोणाला सांगितले असेल, याची कुठे नोंद नाही. नोंद आहे ती एवढीच, की अकबराने त्या पोरक्या मुलाला दरबारात बोलावून घेतले आणि आपल्या देखरेखीखाली वाढवले.

मुलगा तल्लख निघाला. तुर्की, फारसी, अरबी, संस्कृत आणि हिंदी या भाषा त्यांनी आत्मसात केल्या. तलवारही तितकीच तेज होती. १५८४ मध्ये अहमदाबादजवळ सरखेजच्या लढाईत त्यांनी गुजरातच्या मुजफ्फरशहाचा पराभव केला, आणि वयाच्या सत्ताविसाव्या वर्षी वडिलांचाच किताब त्यांना मिळाला : खानखाना. बाबराने आपल्या आठवणी चगताई तुर्कीत लिहिल्या होत्या. त्यांचा फारसी अनुवाद करून रहीम यांनी तो १५८९ मध्ये अकबराला सादर केला. आजोबांची भाषा नातवाच्या दरबाराला फारशी समजत नव्हती. ती समजावी म्हणून घातलेला हा पूल होता.

भाषांशी त्यांचे नाते खेळकरही होते. संस्कृत वृत्तात फारसी शब्द ओवून त्यांनी ज्योतिषावरचे ‘खेटकौतुकम्’ रचले. ‘मदनाष्टक’ संस्कृत आणि खडी बोलीच्या मिश्रणातून घडवले. बरवै या लहानशा लोकछंदाला साहित्यात मान मिळवून दिला. उर्फी आणि नजीरी यांच्यासारखे इराणी कवी त्यांच्या आश्रयाला होते, तसे गंगकवींसारखे हिंदी कवीही. पुढे जहांगीर बादशहाच्या कारकिर्दीच्या इतिहासातही त्यांच्या भाषाज्ञानाचा आवर्जून उल्लेख झाला, आणि तोही मधल्या काळातला सगळा कडवटपणा झाल्यानंतर.

आपल्या भागाशी त्यांचा संबंध आला तो दख्खनच्या मोहिमेमुळे. महाराष्ट्राच्या बाजूने पाहिले तर ते चाल करून आलेल्या फौजेचे सेनापती होते, हे विसरून चालणार नाही. चांदबिबीने अहमदनगरचा किल्ला लढवला तो ज्या मुघल फौजेविरुद्ध, तिच्यात रहीम होते. पण त्याच काळातील एक प्रसंग बुऱ्हाणपूरकरांनी लक्षात ठेवावा असा आहे. त्या वेळी इथे फारुकी घराण्याचे राजा अलीखान, म्हणजेच आदिलशहा फारुकी, राज्य करत होते. आपली जामा मशीद त्यांनीच बांधली. तिच्या भिंतीवर अरबी लेखाबरोबर संस्कृत शिलालेखही कोरलेला आहे, आणि त्यात शके १५११ ची नोंद आहे. दोन भाषा एकाच भिंतीवर शेजारी शेजारी नांदताना पाहायच्या, तर आपल्याला दूर जावे लागत नाही.

हे राजा अलीखान १५९७ मध्ये आजच्या परभणी जिल्ह्यातील सोनपेठच्या परिसरात, गोदावरीकाठी रहीम यांच्या बाजूने लढले. समोर अहमदनगर, विजापूर आणि गोवळकोंडा यांची एकत्र फौज होती. रात्र पडली, गोंधळ माजला, आणि राजा अलीखान दिसेनासे झाले. ते शत्रूला मिळाले किंवा पळून गेले, असा संशय मुघल छावणीत पसरला आणि त्यांचा तळ लुटण्यात आला. दुसऱ्या दिवशी विजय मिळाला, तेव्हा रणांगणात त्यांचे प्रेत सापडले. ते रात्रीच लढता लढता पडले होते. ज्याच्यावर संशय घेतला तो आपल्यासाठीच मेला, हे कळल्यावर क्षमा कोणाची आणि कोणत्या शब्दांत मागायची? त्यांचा देह बुऱ्हाणपुरात आणून दफन करण्यात आला. विजयानंतर रहीम यांनी आपल्याजवळचे सारे द्रव्य, पंचाहत्तर लाख रुपये, सैन्यात वाटून टाकले, असे जुन्या तवारिखा सांगतात. त्या दानामागे आनंद किती होता आणि दुसरे काही किती होते, हे त्यांचे त्यांनाच माहीत.

त्यांच्या दानाविषयी लोकांत एक कथा प्रसिद्ध आहे. देताना त्यांचा हात जसा वर जाई तशी नजर खाली जाई. गंगकवींनी त्याचे कारण विचारले, तेव्हा रहीम यांनी सांगितले, की देणारा दुसराच आहे, तो रात्रंदिवस पाठवतो. लोक मात्र आपल्याला दाता समजतात, म्हणून लाज वाटते. कथा खरी असो वा रचलेली, लोकांनी रहीमला कसे ओळखले ते तिच्यातून कळते. इतके शब्द जवळ असलेला माणूस म्हणून नव्हे, तर डोळे खाली घालणारा माणूस म्हणून.

जानेवारी १६०१ मध्ये असीरगड अकबराच्या हाती आला आणि बुऱ्हाणपूर मुघलांच्या दख्खन कारभाराचे मुख्य ठाणे बनले. शाहजादा दानियाल सुभ्यावर नेमला गेला. रहीम यांची मुलगी जाना बेगम ही त्याची पत्नी. दानियालला दारूचे भयंकर व्यसन होते. अकबराच्या हुकमावरून रहीम यांनी पहारे बसवले, पण नोकरांनी बंदुकीच्या नळीतून दारू आत पोहोचवली, आणि १६०५ मध्ये दानियालचा इथेच, बुऱ्हाणपुरात मृत्यू झाला. मुलगी ऐन तारुण्यात विधवा झाली. बापाच्या घरावर पडलेला हा मोठा घाव.

पुढची वर्षे चढउतारांची गेली. मलिक अंबरापुढे मुघल फौजांना माघार घ्यावी लागली. ठपका खानखानांवर आला, त्यांना परत बोलावले गेले, पुन्हा पाठवले गेले. पण याच काळात बुऱ्हाणपूरला त्यांनी जे दिले ते आजही टिकून आहे. सातपुड्यातून तापीकडे झिरपणारे पाणी जमिनीखालीच अडवून, भुयारातून, कुंड्यांच्या मालिकेने शहरात आणण्याची योजना १६१५ च्या सुमारास त्यांच्या कारकिर्दीत झाली, आणि इराणकडच्या जाणकाराने ती आखली, असे मानले जाते. आपण तिला कुंडी भंडारा म्हणतो, खूनी भंडाराही म्हणतो. शंभराहून अधिक कुंड्या भुयाराने एकमेकींना जोडलेल्या आहेत, आणि कोणताही पंप नसताना केवळ उतारावर पाणी वाहते. मार्च २०२४ मध्ये हे स्थळ युनेस्कोच्या जागतिक वारशाच्या संभाव्य यादीत दाखल झाले. पाण्याचा दोहा रचणाऱ्याच्या नावाशी हे पाणी जोडलेले असावे, याचा आपल्याला अभिमान वाटणे साहजिक आहे.

त्या दिवसांत रहीम यांचा वाडा म्हणजे कवींचा दरबारच होता. अब्दुल बाकी नहावंदी हा इराणी लेखक बुऱ्हाणपुरात आला आणि १६१६ मध्ये त्याने रहीम यांच्या जीवनावरचा ‘मआसिर-ए-रहीमी’ हा प्रचंड फारसी ग्रंथ पूर्ण केला. आश्रयाला आलेल्या कवींची आणि विद्वानांची मोठी यादीच त्यात आहे. त्याच वर्षी थोरला मुलगा मिर्झा इरज, ज्याला शाहनवाजखान हा किताब होता, त्याने जालन्याजवळ रोशनगावला मलिक अंबराचा पराभव केला. बापाच्या नावाला शोभेल असा मुलगा. १६१७ मध्ये त्याच्या मुलीचा विवाह शाहजादा खुर्रमशी, म्हणजे पुढच्या शहाजहानशी झाला. घराला कशाचीच उणीव नव्हती.

आणि मग १६१९ साल आले. शाहनवाजखान दारूच्या आहारी गेला होता. तो बुऱ्हाणपुरात वडिलांना भेटला तेव्हा प्रकृती पार ढासळलेली होती. वडिलांनी उपचार केले, हकीम लावले. उपयोग झाला नाही. उतावली नदीच्या काठी त्याची कबर आजही उभी आहे.

याच सुमाराला धाकटा मुलगा रहमानदाद बाळापूरला वारला. आपल्या विदर्भातले हेच ते अकोल्याजवळचे बाळापूर. जुन्या नोंदी सांगतात, की हा मुलगा बापाचा सर्वांत लाडका होता. आता पाहा, काय झाले. बातमी बुऱ्हाणपुरात पोहोचली, पण ती खानखानांना सांगायची कोणी? थोरल्याचे दुःख ताजे होते. वाड्यात पाच भाषांचे जाणकार होते, शोककाव्ये रचण्यात हयात गेलेले कवी होते, मुत्सद्दी होते, पत्रे लिहिणारे मुन्शी होते. एकाच्याही तोंडून ते वाक्य निघेना. काही काळ असाच गेला. अखेर लोकांनी सिंधमधून येऊन इथे स्थायिक झालेले सत्पुरुष शेख ईसा यांना गाठले आणि सांत्वनासाठी रहीमकडे पाठवले. ते गेले, आणि त्यांच्या येण्यातूनच बापाला जे कळायचे ते कळले असावे, असे आम्हाला वाटते. शेख ईसा यांचा दर्गा आपल्या शहरात आहे. तिथून जाता-येता किती जणांना हा प्रसंग आठवतो, कोण जाणे.

आमच्या मते रहीम यांच्या चरित्राचे मर्म या प्रसंगात आहे. भाषा कमी पडली ती भाषेच्या दारिद्र्यामुळे नव्हे. त्या घरात भाषेची जेवढी श्रीमंती होती, तेवढी त्या काळी हिंदुस्थानात फार थोड्या घरांत असेल. तरीही ती कमी पडली. म्हणजे काही गोष्टी शब्द वाढवल्याने सांगता येत नाहीत. त्यासाठी माणूसच जावा लागतो.

आणखी एक आघात उरला होता. १६२२ नंतर शहाजहानने बापाविरुद्ध बंड केले. रहीम आधी त्याच्या बाजूला गेले, मग फिरले. दोन्ही बाजूंचा विश्वास गमावून बसले आणि दोन्हीकडची कैद त्यांच्या वाट्याला आली. यात त्यांचा दोष नव्हता असे म्हणता येणार नाही. इतिहास त्यांना त्यासाठी दूषण देतो. पण शिक्षा भयंकर झाली. १६२५ मध्ये मुलगा दाराबखान याचा शिरच्छेद झाला. महाबतखानाने ते शीर कापडात गुंडाळून, टरबूज म्हणून म्हाताऱ्या बापाकडे पाठवले, असे सांगतात. रहीम यांनी कापड उघडले आणि हे टरबूज शहीदी आहे, एवढेच म्हणाले. त्या काळी टरबुजाची एक जात त्या नावाने ओळखली जाई. आयुष्यभर शब्दांशी खेळलेल्या माणसाच्या तोंडी त्या घटकेला एकच शब्द आला, आणि त्यात दोन अर्थ होते. त्यापुढे काही बोलल्याची नोंद नाही.

यानंतर त्यांचे दोहे पुन्हा वाचावेत. कोणता दोहा कधीचा हे ठरवता येत नाही, ते लोकांच्या जिभेवरून आपल्यापर्यंत आले. पण त्यांच्या नावावरचे तीन दोहे शेजारी ठेवले, की हा माणूस दिसू लागतो. एकात ते सांगतात, की मनाची व्यथा मनातच लपवावी, कारण ऐकणारे हसतात, वाटून कोणीच घेत नाही. दुसऱ्यात म्हणतात, की डोळ्यातून ओघळलेले आसू मनातले दुःख उघड करतेच. घराबाहेर काढलेला घरातली गोष्ट बाहेर सांगणारच. म्हणजे जे जिभेने सांगायचे नाही ते डोळे सांगून टाकतात. आणि तिसऱ्याचा आशय असा, की जे आकलनापलीकडचे आहे ते बोलण्याऐकण्याच्या कक्षेत येत नाही. ज्याला उमगले तो गप्प राहतो, आणि जो त्याविषयी सांगत सुटतो त्याला ते उमगलेले नसते.

गंमत अशी, की हे सांगायलाही त्यांना दोहाच लागला. आपल्या मराठी मनाला यात नवल वाटणार नाही. याच तापीच्या खालच्या अंगाला, तापी-पूर्णेच्या संगमावर चांगदेव आहे, जवळच मुक्ताबाईंचे स्थान आहे. आपल्यापैकी अनेक जण तिथे दर्शनाला जातात. रहीमच्या तीनशे वर्षे आधी, ज्ञानदेवांना काय संबोधावे हे न सुचल्याने चांगदेवांनी कोरे पत्र पाठवले, ही कथा आपल्या घराघरात सांगितली जाते. त्या कोऱ्या कागदाला पासष्ट ओव्यांचे उत्तर आले. ‘अमृतानुभवा’त तर ज्ञानदेवांनी शब्दखंडनाचे एक प्रकरणच लिहिले, आणि तेही शब्दांतच. तापीकाठच्या मातीला हे जुनेच माहीत आहे, की शब्द दारापर्यंत सोबत करतात, आत एकट्याने जायचे असते. पण दारापर्यंतची सोबतही काही थोडी नव्हे.

अखेरीस जहांगीरने त्यांना क्षमा केली, खानखाना हा किताब परत दिला. १६२७ मध्ये दिल्लीत, सत्तरी गाठल्यावर त्यांचे निधन झाले. पत्नी माहबानूसाठी त्यांनी निजामुद्दीनजवळ १५९८ मध्ये मकबरा बांधवला होता. तिथेच त्यांनाही ठेवण्यात आले. पत्नीसाठी त्यांनी बांधलेला हा मकबरा ताजमहालाच्या आधीचा आहे. पुढे अठराव्या शतकात त्याचे संगमरवर आणि लाल दगड काढून सफदरजंगाच्या मकबऱ्याला वापरले गेले. अलीकडे मोठ्या कष्टाने त्याची डागडुजी झाली आणि २०२० मध्ये तो पुन्हा लोकांसाठी खुला झाला. रहीम गेल्यावर चारच वर्षांनी, १७ जून १६३१ रोजी मुमताजमहलने बुऱ्हाणपुरात डोळे मिटले, आणि शहाजहाननेही आपले दुःख दगडालाच सांगितले. पाहुणे आले, की आपण त्यांना आहुखान्याला नेतो, मुमताजची कथा सांगतो. त्याबरोबर उतावलीकाठची शाहनवाजखानाची कबरही दाखवावी, असे आम्हाला सुचवावेसे वाटते. एका बापाची कथाही त्या पाहुण्यांना कळू दे.

शेवटी आपल्याविषयी थोडे. आपण इथे दोन भाषांत जगतो. बाजारात हिंदी, देवघरात मराठी, आणि मुलांच्या तोंडी दोन्हींची सरमिसळ. मुलांना आपल्यासारखे मराठी येत नाही, मग आपले जे आहे ते त्यांच्यापर्यंत कसे पोहोचणार, ही काळजी मंडळाच्या प्रत्येक बैठकीत निघते. काळजी खरीच आहे. भाषा जपलीच पाहिजे, आणि रहीम यांच्यासारखी एकाहून अधिक जपता आली तर फारच उत्तम. पण सगळे काही भाषेतूनच पोहोचते असेही नाही. आपल्यात कोणी गेले, की समाचाराला जाण्याची रीत आहे. जायचे, सतरंजीवर बसायचे, फारसे काही बोलायचे नाही, आणि उठताना येतो असे म्हणायचे नाही. आपल्या वाडवडिलांनी ही रीत घालून दिली, कारण तिथे शब्द चालत नाहीत हे त्यांना ठाऊक होते. हल्ली मोबाइलवर दोन शब्दांची श्रद्धांजली आणि हात जोडल्याचे चित्र क्षणात पाठवता येते. ते वाईट नाही. दूर देशी असणाऱ्याला तेवढेच शक्य असते. पण गावातल्या गावात, दोन गल्ल्या ओलांडून जाऊन बसणे आपण सोडू नये. मुलांनाही सोबत न्यावे. व्याकरण न शिकवताही आपल्यातले पुष्कळसे त्यांना तिथे कळेल.

खानखानांच्या वाड्यात पाच भाषा होत्या, पण वेळ आली तेव्हा उपयोगी पडले ते चालत गेलेले शेख ईसा. वाणीच्या देवतेने आपल्याला बोलण्याचे बळ द्यावे, आणि जिथे बोलणे पुरे पडत नाही तिथे उठून जाण्याची बुद्धीही द्यावी, हीच गणरायाच्या चरणी प्रार्थना.

गणपती बाप्पा मोरया!